आधी हातात गज, मग चित्र: सैनिकांसाठीच्या विनोदी देखभाल-चित्रकथा आणि तुमचे ट्रॅक्टर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. एका साखर कारखान्याच्या ऊस वाहतुकीचे ट्रॅक्टर तुमच्याकडे देखभालीला आहेत. कंपनीची मॅन्युअलं कपाटात कोरी करकरीत पडून आहेत, चालक ती उघडतच नाहीत, आणि हंगामातल्या धुळीनं इंजिनं वेळेआधीच दुरुस्तीला येतात. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन लष्करानं गाड्या आणि बंदुकांची निगा शिकवायला विनोदी चित्रकथा काढल्या होत्या, असं तुमच्या वाचनात आलं. त्या कशा होत्या, त्यांचा खरंच उपयोग झाला का आणि मराठीत तसं काही करता येईल का, हे तुम्हाला हवं आहे.

करता येईल, आणि जरूर करा. पण 'चालक वाचत नाहीत' हा तुमचा मूळ प्रश्न आहे असं मला वाटत नाही. मॅन्युअल लिहिणारा माणूस यंत्राचे भाग पाडतो: इंजिन, इंधन, शीतन, विद्युत. चालकाचा दिवस तसा पडत नाही. पहाटे किल्ली फिरवण्याआधी, कारखान्याच्या वजनकाट्यावरच्या रांगेत, शेतात ट्रॉली भरत असताना, रात्री गाडी लावल्यावर, असा त्याचा दिवस असतो. प्रत्येक वेळी हात तेलकट असतात आणि डोक्यात एकच शंका असते. तेवढ्या एका शंकेसाठी तीनशे पानांचं पुस्तक कोण उघडेल? देखभालीचे सचित्र तक्ते आणि पुस्तिका करण्याच्या कामात हेच पुन्हा पुन्हा दिसतं, की कागद माणसाच्या दिवसाप्रमाणे मांडला की माणूस तो वाचतो.

अमेरिकन लष्करासमोर हीच अडचण फार मोठ्या प्रमाणावर आली. युद्धकाळात त्यांच्याकडे जीपच सुमारे 6,40,000 बनल्या आणि जीएमसीचे अडीच टनी ट्रक पाच लाखांहून जास्त. ते चालवणारी पोरं शेतांतून, दुकानांतून, कॉलेजांतून भरती झालेली. गाडी हाकता येणारे पुष्कळ, गाडी राखता येणारे थोडे. लष्करानं देखभालीच्या पायऱ्या पाडल्या होत्या आणि पहिली पायरी चालकाचीच होती. निघण्यापूर्वी, चालताना, थांब्यावर आणि परतल्यावर काय बघायचं हे ठरलेलं होतं: तेल, पाणी, टायरची हवा, बॅटरी, चाकांचे नट, गळती. यातलं काहीच अवघड नाही. अवघड आहे ते रोज करणं, कारण एक दिवस नाही केलं तर त्या दिवशी काहीच बिघडत नाही.

चित्रकथेचं काम इथे सुरू होतं. विनोद पान उघडायला लावतो, हे खरं. पण तिची मोठी ताकद काळ आवळण्यात आहे. इंजिनात जाणारी हवा गाळणाऱ्या एअर क्लीनरमध्ये तेल नसेल तर धूळ सिलिंडरमध्ये जाते, पिस्टनच्या रिंगा आणि लायनर घासतात, आणि काही महिन्यांनी इंजिन धूर ओकायला लागतं, तेल प्यायला लागतं. चालकाच्या अनुभवात या दोन घटना जोडल्याच जात नाहीत, कारण मधे अर्धा हंगाम गेलेला असतो, कदाचित चालकही बदललेला असतो. चित्रकथेत त्या शेजारशेजारच्या दोन चौकटी असतात. कारण आणि परिणाम एका नजरेत येतात. व्याख्यानात हे सांगता येतं, पण दिसत नाही.

या कामातलं सगळ्यात मोठं नाव म्हणजे विल आयस्नर. 1917 मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये जन्मलेला हा चित्रकार 1940 पासून वृत्तपत्रांच्या पुरवणीत गुप्तहेराची चित्रकथा काढत होता. लष्करात ओढला गेला तो मेरीलँडमधल्या ॲबर्डीन प्रूव्हिंग ग्राउंड या लष्करी चाचणी-तळावर. जवळच बाल्टिमोरच्या होलाबर्ड डेपोतून 'आर्मी मोटर्स' नावाचं देखभालीचं मासिक निघत असे. जीपच्या पहिल्या नमुन्याची चाचणी 1940 मध्ये याच होलाबर्डला झाली होती. या मासिकासाठी आणि भित्तिपत्रकांसाठी आयस्नर यांनी 'जो डोप' हा धांदरट जवान काढला. त्याच्या हातून होऊ नये ते सगळं होतं आणि गाडी त्याचा हिशेब चुकता करते. मासिकात आणखी दोन पात्रं होती. एक हाफ-मास्ट मॅक्कॅनिक नावाचा सार्जंट, ज्याच्या नावे जवानांच्या प्रश्नांना उत्तरं छापली जात. दुसरी कॉनी रॉड. नाव इंजिनातल्या कनेक्टिंग रॉडवरून घेतलेलं, आणि काम नीट पद्धत समजावण्याचं.

युद्ध संपल्यावर 'आर्मी मोटर्स' बंद पडलं. कोरियाच्या युद्धात जुनीच दुखणी पुन्हा वर आली, तेव्हा जून 1951 मध्ये 'पीएस' हे मासिक सुरू झालं. 'पीएस' म्हणजे ताजा कलम, पत्राच्या शेवटी आपण लिहितो तो. मॅन्युअल छापून झाल्यावर जे कळलं ते सांगणारा हा ताजा कलम. हे नाव मला फार नेमकं वाटतं. चित्रकथा मॅन्युअलच्या जागी बसत नाही, ती त्याला जोडून येते. आयस्नर 1971 पर्यंत त्याची चित्रं सांभाळत होते. आकार खिशात मावेल एवढा. मधली आठ पानं रंगीत चित्रकथेची. बाकीच्या पानांत पत्रोत्तरं, भागांचे नंबर आणि बारीकसारीक दुरुस्त्या.

आता एक फरक सांगतो, कारण बहुतेक लोक घसरतात ते इथेच. 1985 च्या आपल्या पुस्तकात आयस्नर यांनी शिकवणाऱ्या चित्रकथांचे दोन प्रकार केले आहेत. एक कृती शिकवतो, दुसरा वृत्ती. 'प्रायव्हेट स्नाफू' हे वृत्तीचं चांगलं उदाहरण. 1943 ते 45 दरम्यान वॉर्नर ब्रदर्सच्या स्टुडिओत झालेले हे छोटे ॲनिमेशनपट फक्त सैनिकांना दाखवत. चक जोन्ससारखे दिग्दर्शक, थिओडोर गाइझेलसारखे लेखक आणि मेल ब्लँकचा आवाज. स्नाफू गुपितं फोडतो, गॅस मास्क टाकून देतो, शस्त्रांची आणि जीपची हेळसांड करतो आणि प्रत्येक वेळी त्याची फळं भोगतो. ते पाहून जवानाला निगा राखावीशी वाटेल. पण कुठला स्क्रू आधी काढायचा हे त्याला कळणार नाही, आणि ते कळावं अशी तिथे अपेक्षाही नाही. ब्रिटिश हवाई दलाच्या 'टी एम' मासिकातला पायलट ऑफिसर प्रून त्याच जातीचा. निष्काळजीपणाला हसून शिस्त शिकवणारा.

कृतीच्या पानाचे नियम वेगळे असतात. तिथे चित्र वापरणाऱ्याच्या डोळ्यांतून काढावं लागतं. तो उभा आहे तिथून त्याला जे दिसतं तेच, त्याच कोनातून, आणि चौकटीत त्याचेच हात. बाजूनं काढलेलं सुबक चित्र कॅटलॉगला चालतं. पण चालकाला ते मनातल्या मनात फिरवून घ्यावं लागतं आणि तिथेच डावं-उजवं चुकतं. एका चौकटीत एकच हालचाल. काढण्याचा क्रम दाखवला तर बसवण्याचा क्रमही दाखवायचा. 'उलट्या क्रमाने बसवा' हे वाक्य ज्याला येतं त्याच्यासाठी पुरेसं आहे, शिकणाऱ्यासाठी नाही. विनोदाची जागा संवादात आणि पात्राच्या चेहऱ्यावर. भागाच्या चित्रात, आकड्यात, क्रमात विनोद अजिबात घुसू द्यायचा नाही. चुकीची कृती दाखवली तर तिच्यावर ठळक फुली मारायची आणि लगेच शेजारी बरोबर कृती. पानावरचं शेवटचं चित्र नेहमी बरोबर कृतीचंच असावं, कारण चाळणाऱ्याच्या लक्षात शेवटचंच राहतं, आणि जो डोपची चूक गमतीदार असल्यामुळे तीच आठवत राहण्याचा धोका खरा आहे.

हे सगळं एकत्र पाहायचं असेल तर अमेरिकन लष्कराच्या एम-16 रायफलीची 1968 ची पुस्तिका पाहा. 'पीएस'च्याच लोकांनी केलेली, चित्रं आयस्नर यांची, 32 पानं. तिच्यावर जरा रेंगाळतो, कारण तुमच्या प्रश्नाचं उत्तर तिच्यात आहे.

व्हिएतनाममध्ये ही नवी रायफल ऐन चकमकीत अडकायला लागली. गोळी सुटे, पण रिकामी पुंगळी चेंबरमध्येच, म्हणजे काडतूस बसतं त्या खोबणीतच, घट्ट बसे. ती ओढून काढणारा आकडा, एक्स्ट्रॅक्टर, तिच्या कडेवरून निसटे किंवा कडच फाडे. मग नळीच्या तोंडातून गज, म्हणजे सफाईची लांब सळई, घालून पुंगळी ठोकून बाहेर काढण्याशिवाय इलाज नसे. कारणं एकात एक गुंतलेली होती. काडतुसातली दारू बदलली होती आणि नवीन दारूची काजळी जास्त धरत होती, शिवाय तिनं रायफलीचा वेगही वाढला होता. चेंबरला क्रोमचा मुलामा नव्हता, त्यामुळे दमट हवेत तिथे गंज चढून बारीक खड्डे पडत. ही रायफल साफ करावी लागत नाही असा समज पसरला होता. आणि सफाईचे गज, ब्रश, वंगण सगळ्यांपर्यंत पोचलेलंच नव्हतं. 1967 मध्ये अमेरिकन संसदेच्या उपसमितीनं याची चौकशी करून लष्करावर कडक ताशेरे ओढले.

त्यानंतर बऱ्याच गोष्टी एकदम झाल्या. चेंबरला क्रोम आला, धक्का झेलणारा बफर बदलला, सफाईची साधनं पोचली, प्रशिक्षण झालं आणि ही पुस्तिका आली. म्हणून 'पुस्तिकेनं रायफल वाचवली' असं म्हणणं चूक आहे. श्रेय असं वेगळं काढताच येत नाही. माझं मत विचाराल तर क्रोम आणि गज यांच्याशिवाय ती पुस्तिका म्हणजे जवानाच्याच माथी मारलेला दोष ठरली असती. गज हातात आल्यावर मात्र तो कसा वापरायचा हे तिनं इतकं स्वच्छ सांगितलं की दुसऱ्या कशानंही तसं सांगता आलं नसतं.

काय सांगितलं ते बघा. नळीइतकंच चेंबरही साफ करायचं, त्याचा ब्रश वेगळा. बोल्टवर, म्हणजे चेंबर मागून बंद करणाऱ्या सरकत्या भागावर, तीन गॅस रिंगा असतात, त्यांच्या चिरा एका रेषेत येऊ द्यायच्या नाहीत, नाहीतर गॅस निसटतो. फायरिंग पिन धरून ठेवणारी दुतोंडी पिन फाकवायची किंवा दाबायची नाही. बोल्टची कॅम पिन विसरलात तर रायफल हातातच फुटू शकते. एका रायफलीचा बोल्ट दुसरीत घालायचा नाही. नळी इतकी अरुंद की पाणी आत अडकून राहतं, म्हणून तोंड खाली करून बोल्ट थोडा मागे ओढायचा, म्हणजे आतली हवा सुटते आणि पाणी वाहून जातं. काडतुसांना तेल लावायचं नाही. प्रत्येक सूचना एका हालचालीची, आणि जिथे नियम विचित्र वाटेल तिथे कारण लगेच शेजारी. पाण्याचंच घ्या. 'नळीतलं पाणी काढा' एवढं लिहिलं असतं तर जवानानं रायफल उलटी करून झटकली असती आणि पाणी तिथेच राहिलं असतं. एका चित्रात बोल्ट किती मागे ओढायचा हे दिसतं आणि काम होतं.

याच पुस्तिकेत जुने झालेले भागही आहेत. रायफलीला मादक बाईचं रूप देऊन 'तिला कसं उतरवायचं' अशा भाषेत प्रकरणं रचली होती. वीस वर्षांच्या पोरांचं लक्ष त्यानं वेधलं गेलं असेल, पण ते आपण उचलायचं नाही. कॉनी रॉडच्या बाबतीतही लष्करात स्त्रिया वाढत गेल्या तसं ते चित्रण बदलावं लागलं. स्नाफूच्या काही भागांतली जपान्यांची चित्रं तर आज पाहवत नाहीत. त्याहून उपयोगी धडा जो डोपचा आहे. 1950 च्या दशकात लष्करानं त्याला निवृत्त केलं, कारण आपल्याच जवानाला मूर्ख दाखवणं वरच्यांना पटेना. मलाही ते पटत नाही, फक्त माझं कारण वेगळं आहे. पानावरचा वेंधळा हा 'दुसराच कोणीतरी' असतो. वाचणारा हसतो आणि म्हणतो, मी काही असा नाही. मग धडा त्याला लागतच नाही. विनोद निष्काळजीपणावर हवा, माणसाच्या अकलेवर नको.

जर्मनांनी याच काळात वेगळी वाट धरली होती. ऑगस्ट 1943 मध्ये रणगाडा दलांचे महानिरीक्षक जनरल गुडेरियन यांच्या मान्यतेनं टायगर रणगाड्यासाठी 'टायगरफिबेल' निघालं. फिबेल म्हणजे मुलांची बाराखडीची चोपडी. त्यात यमकाच्या ओळी, व्यंगचित्रं आणि इंजिन, गिअर, तोफ, पट्ट्यांचा ताण यांची नेमकी माहिती आहे. एक रणगाडा 8,00,000 राइखमार्क आणि 3,00,000 कामाच्या तासांचा आहे, हेही दलाला सांगितलं आहे. ही युक्ती मला आवडते. यंत्राची किंमत माणसाच्या श्रमांत सांगितली की ती डोक्यात बसते. तुमच्या चालकालाही इंजिनच्या कामाचा खर्च रुपयांत सांगू नका. इंजिन उतरलं की किती खेपा बुडतात ते सांगा. वाहतुकीचे पैसे त्याला खेपेवर मिळत असतील तर तो हिशेब त्याचा तोच करेल.

आता तुमच्या ट्रॅक्टरांकडे येऊ. काय करायचं हे परिस्थितीवर अवलंबून आहे. चालक हंगामापुरते येतात की कायमचे? ट्रॅक्टर कारखान्याचे की कंत्राटदारांचे? सगळे एकाच मॉडेलचे की पाच तऱ्हांचे? आणि धुळीबाबत सगळ्यात आधी हे बघा, की कुठल्या ट्रॅक्टरला तेलाच्या वाटीचा, म्हणजे ऑईल बाथ, एअर क्लीनर आहे आणि कुठल्याला कागदी फिल्टर. दोघांसाठी एकच पान केलंत तर कोणीतरी कागदी फिल्टरला तेल पाजेल. दोन वेगळी पानं, वेगळ्या रंगांचे काठ, आणि त्याच रंगाचा पट्टा त्या ट्रॅक्टरच्या बॉनेटवर.

तेलाच्या वाटीचं पान नमुन्यादाखल सांगतो. हीच जुनी पद्धत युद्धातल्या जीपमध्येही होती. आत येणारी हवा तेलावरून वळते, जड धूळ तेलात बसते आणि उरलेली वरच्या ओल्या जाळीत अडकते. म्हणून तेलाची पातळी हेच त्या क्लीनरचं सगळं बळ.

पहिली चौकट: इंजिन बंद, किल्ली चालकाच्या हातात. जाळीतलं तेल वाटीत निथळायला वेळ लागतो, तेव्हा चौकटीत चहाचा ग्लास काढा. चहा होईपर्यंत थांबायचं. 'दहा मिनिटं थांबा' कोणी पाळत नाही, चहा पाळतात. दुसरी: क्लिपा सोडून वाटी दोन्ही हातांनी सरळ खाली. तिरकी केली तर तेल सांडतं आणि आधी किती होतं ते कळत नाही. तिसरी: वाटीच्या तळाशी काडी टेकवून गाळ किती ते बघा. मर्यादा कंपनीच्या पुस्तकातली घ्या. ती साधारण सेंटिमीटरभर असते, पण तुमच्या मॉडेलचा आकडा छापा आणि काडीवर तेवढ्यावर खूण दाखवा. चौथी: वाटी डिझेलनं धुवून स्वच्छ फडक्यानं कोरडी. सुताचा गुंडा वापरू नका, त्याचे धागे आत राहतात.

पाचवी चौकट सगळ्यात महत्त्वाची, म्हणून ती दुप्पट रुंद ठेवा. नवीन इंजिन ऑईल, बाणाच्या खुणेपर्यंत. जळकं ऑईल नको, ते आधीच मळलेलं असतं. बाजूला दोन छोट्या फुल्यांच्या चौकटी हव्यात. कमी तेल: धूळ सरळ सिलिंडरमध्ये. जास्त तेल: हवा ते उचलून इंजिनमध्ये नेते. डिझेल इंजिन त्या तेलावरच पळायला लागलं तर आवाज चढत जातो आणि स्टॉपचा दांडा ओढूनही ते थांबत नाही. 'थोडं जास्त घातलं तर काय बिघडतं' असं मानणारे पुष्कळ असतात, म्हणून ही फुली कमी तेलाच्या फुलीएवढीच मोठी असावी. सहावी: वाटीची गॅस्केट जागेवर आहे का ते बघून क्लिपा लावा, आणि मग क्लीनरपासून इंजिनापर्यंतच्या रबरी नळीचे दोन्ही क्लॅम्प हातानं हलवून बघा. ही चौकट लोक गाळतात. क्लॅम्प ढिला असेल तर धुळीची हवा क्लीनरला वळसा घालून आत शिरते आणि वाटी कितीही चकचकीत असली तरी फुकट.

पात्र कोणतं घ्यावं? माझं मत आहे की ट्रॅक्टरलाच बोलू द्या. बैल सांभाळलेल्या घरांतून आलेल्या चालकांना हे पटकन उमगतं. बेंदराच्या नाहीतर पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळण होते, जूं वाहून घट्टे पडलेल्या खांद्याला लोणी-हळद चोळतात, आणि ते कुठल्या पुस्तकात बघून करत नाहीत. धुळीनं शिंकणारा ट्रॅक्टर शेजारच्या बैलाला म्हणतोय, 'तुझी खांदेमळण वर्षातून एकदा, माझी वाटी रोज बघायला सांग की त्याला.' यात चालकाचा अपमान नाही आणि काय करायचं तेही सांगून झालं. अमेरिकन शब्दखेळांचं भाषांतर करत बसू नका, ते मराठीत मरतात. चालक बोलतात ते शब्द घ्या. ते 'वायुशोधक' म्हणत नाहीत, 'एअर क्लीनर' म्हणतात, 'वाटी' म्हणतात. पाना, क्लिपा, फडकं, गाळ. एखाद्या भागाला तुमच्याकडे दोन नावं असतील तर जास्त लोक वापरतात ते छापा आणि भागाचा नंबर कंपनीच्या पुस्तकातून जसाच्या तसा उतरवा.

चित्र काढणाऱ्याला फोटो द्या, पण चालकाच्या उंचीवरून, तो उभा राहतो त्याच बाजूनं काढलेले. नुसता फोटो छापू नका. फोटोत सगळंच दिसतं आणि नेमका भाग हरवतो. रेषेच्या चित्रात मधल्या वायरी, नळ्या गाळता येतात आणि हात लावायचा भाग ठळक करता येतो. दोन रंग पुरे. लाल फक्त फुल्यांना आणि धोक्याला, दुसरीकडे कुठेही लाल नको. ए-5 आकार, लॅमिनेट करून, टूलबॉक्सच्या झाकणाच्या आतल्या बाजूला. व्हॉट्सॲपवर पाठवायला हरकत नाही, पण तिथलं चित्र संध्याकाळपर्यंत शंभर निरोपांखाली गाडलं जातं. व्हॉट्सॲप ताजा कलमासाठी वापरा: 'पान क्रमांक 1, चौथी चौकट, आता फडकं स्टोअरमधून मिळेल' एवढंच.

छपाईला देण्याआधी पान एका चालकाच्या हातात द्या आणि त्याच्यासमोर ट्रॅक्टर ठेवा. काही बोलू नका, मदत करू नका, 'समजलं का?' तर मुळीच विचारू नका. त्याला उत्तर 'हो' असंच येतं. फक्त त्याचे हात बघा. हात ज्या चौकटीपाशी थांबले ती पुन्हा काढायची. चार-पाच वेगवेगळ्या चालकांवर हे केलं की जवळजवळ सगळ्या अडचणी वर येतात. त्यांतला एखादा कमी वाचणारा असू द्या. अक्षरांशिवायही पान उभं राहतं का, ते त्याच्यामुळे कळतं.

पत्रांची जागा विसरू नका. जवान हाफ-मास्टला प्रश्न पाठवत आणि त्यातूनच पुढच्या अंकाचे विषय मिळत. तुमच्याकडे काट्याच्या खोलीत एक वही आणि दोरीला बांधलेलं पेन ठेवा. ज्याला लिहायचं नसेल त्याचं बोलणं लिहून घेणारा माणूस नेमा. आलेल्या प्रत्येक प्रश्नाला आठवड्याच्या आत उत्तर मिळालं पाहिजे, भले ते 'अजून सामान आलेलं नाही' असं असो. पहिल्या दोन प्रश्नांना उत्तर मिळालं नाही की तिसरा येत नाही.

आणि वर म्हटलेला गज. पान लावण्याच्या दिवशीच प्रत्येक ट्रॅक्टरवर नवीन ऑईलचा डबा, नरसाळं, दोन फडकी आणि वाटीची एक जादा गॅस्केट पोचली पाहिजे. वेळही पोचला पाहिजे. 1944 च्या ऑगस्टपासून नोव्हेंबरपर्यंत फ्रान्समध्ये 'रेड बॉल एक्स्प्रेस' ही ट्रकांची अखंड रांग आघाडीला माल पोचवत होती. भरात असताना सुमारे 6,000 गाड्या, एका दिवसात 12,000 टनांहून जास्त माल. चालकांना जेमतेम झोप मिळे, गाड्या क्षमतेपेक्षा जास्त भरलेल्या, वेगाला मर्यादा घालणारे गव्हर्नर काढून टाकलेले. टायर फाटले, बॅटऱ्या कोरड्या पडल्या. तिथे देखभालीची कितीही हसरी चित्रं वाटली असती तरी गाडी थांबवायची मुभा नव्हती. काट्याच्या रांगेत तुमचे ट्रॅक्टर तसेही तास-दोन तास उभे असतात. वाटी बघायची वेळ तिथे ठरवून द्या आणि त्यासाठी रांगेतला नंबर जाणार नाही, हे मुकादमाच्या तोंडून सगळ्यांना ऐकवा.

पान लावण्याच्या आधल्या आठवड्यात दहा ट्रॅक्टर निवडून त्यांच्या वाट्या उघडा आणि तीन गोष्टी लिहून ठेवा: तेलाची पातळी, गाळ किती, क्लॅम्प घट्ट की ढिले. पंधरा दिवसांनी न सांगता तेच दहा उघडा. पातळी सुधारली आणि क्लॅम्प ढिलेच राहिले असतील तर सहावी चौकट पुन्हा काढा. पातळीच सुधारली नसेल तर आधी डबे बघा, ते रिकामे आहेत का भरलेले. डबे भरलेले आणि वाटी कोरडी असेल, तेव्हाच पाचव्या चौकटीला हात घाला.